पन्हा पाऊण इंच, लांबी दोन मैल

१९१३ साली सुरतेच्या नवाबी थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला आणि पहिल्या दिवशी तिकीटखिडकीवर तीन रुपये जमले. थिएटरच्या मालकाशी निम्म्या भागीदारीचा करार होता, म्हणजे दादासाहेब फाळक्यांच्या वाट्याला दीड रुपया आला. हाच चित्रपट ३ मेपासून मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये गर्दी खेचून आला होता आणि तिथे त्याची मुदत वाढवावी लागली होती. सुरतेत मात्र खुर्च्या रिकाम्या राहिल्या.

मालकाची तक्रार व्यवहाराला धरून होती. सुरत हे नाटकवेडे गाव. रात्री पडदा वर जायचा, तो उत्तररात्रीपर्यंत खाली यायचा नाही. संगीत, युद्ध, प्रहसन असे सगळे एका तिकिटात मिळे. ज्याला सहा तासांच्या खेळाची सवय आहे, तो तासाभराच्या मुक्या चित्रांसाठी पैसे का मोजेल? मालकाने दोनच वाटा ठेवल्या. खेळ लांबवा, नाहीतर बंद करा.

मुंबईत फाळक्यांनी चित्रपटासोबत इतर करमणूकही ठेवली होती. मिस आयरीन डेलमार यांचा नाच होता, पायांवर वस्तू झेलणाऱ्या अलेक्झांडरची कसरत होती, विनोदी प्रवेशही होते. सुरतेत तसेच काही जोडून वेळ भरून काढणे अवघड नव्हते, पण त्यांनी नकार दिला. त्याऐवजी त्यांनी गुजराती वर्तमानपत्रात जाहिरात दिली. तिचा मथितार्थ असा होता, की अवघ्या काही पैशांत सत्तावन्न हजार चित्रे पाहा, रुंदी पाऊण इंच, लांबी दोन मैल. त्यानंतर लोक आले आणि खेळ चालला.

फाळक्यांच्या चरित्रांत हा किस्सा त्यांच्या व्यापारी चातुर्याचा नमुना म्हणून येतो आणि लेखक पुढे निघून जातो. मला त्यात याहून मोठी गोष्ट दिसते. या जाहिरातीत हरिश्चंद्र नाही, तारामती नाही, विश्वामित्र नाही आणि डोंबाघरची चाकरीही नाही. पुराणातली सगळ्यात परिचित कथा हाताशी असताना फाळक्यांनी ती बाजूला ठेवली आणि प्रेक्षकाला फिल्मच दाखवली. ती किती लांब, किती रुंद आणि तिच्यावर किती चित्रे, एवढेच सांगितले. ज्या गावात जरी आणि कापड लांबी-पन्हा विचारून घेतले जाते, तिथे त्यांनी ताग्याचे माप सांगावे तसे चित्रपटाचे माप सांगितले.

ते माप खरे होते का, हे आजही ताडून पाहता येते. ३५ मिलिमीटर फिल्मवरच्या एका चित्राला उभ्यात पाऊण इंच जागा लागते, म्हणजे एका फुटात सोळा चित्रे बसतात. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी ३,७०० फूट होती. गुणाकार केला की ५९,२०० येतात. सत्तावन्न हजारांचा आकडा याला अगदी लागून आहे, आणि पाऊण इंचही बरोबर आहे, फक्त ते रुंदीचे नसून चित्राच्या उंचीचे माप आहे. दोन मैल मात्र फुगवलेले आहेत. दोन मैलांच्या फिल्मवर पावणेदोन लाखांच्या घरात चित्रे बसली असती. हरिश्चंद्राची पट्टी पाऊण मैलही भरत नव्हती. चित्रांचा आकडा आणि मैलांचा आकडा एकमेकांशी जुळत नाहीत, हे त्या दिवशी सुरतेत कुणाच्या ध्यानात आले नसावे. जुळणारा आकडा देणारा माणूस मात्र फूट न् फूट मोजून बसलेला कारागीर होता, आणि ती विद्या त्याच्याकडे आली होती ती एका सुरती माणसाच्या हातून.

त्या माणसाचे नाव त्रिभुवनदास कल्याणदास गज्जर. १८६३ साली सुरतेत जन्म. घरात सुतारकाम आणि बांधकामाची परंपरा. मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात रसायनशास्त्र शिकून ते बडोदा कॉलेजात प्राध्यापक झाले. त्या काळी आपल्याकडे रसायनशास्त्र शिकलेला पदवीधर बहुधा सरकारी नोकरीची वाट धरी. गज्जरांची ओढ निराळी होती. विलायती रंगांनी इथल्या रंगाऱ्यांचा धंदा मोडत चालला होता, तेव्हा तेच रंग आपल्या कारागिराला वापरायला शिकवावेत, आणि ते शिक्षण त्याच्या भाषेत द्यावे, असा त्यांचा आग्रह होता. सयाजीराव गायकवाडांना तो पटला आणि १८९० मध्ये बडोद्यात कलाभवन उभे राहिले. रंगाई, यंत्रकाम, सुतारकाम, वास्तुकला, चित्रकला असे विषय तिथे एका छपराखाली आले. कारागिराच्या मुलाला प्रयोगशाळेत नेणारी एवढी धीट संस्था त्या वेळी देशात विरळाच होती.

महाराष्ट्राच्या इतिहासात गज्जर आणखी एका प्रसंगाने येतात, आणि तो आपल्याला अवघडून टाकणारा आहे. १८९६ मध्ये चाफेकर बंधूंनी मुंबईतल्या व्हिक्टोरिया राणीच्या संगमरवरी पुतळ्याला डांबर फासले. दगडात मुरलेला तो डाग कुणाला निघेना. तो गज्जरांनी काढला. मराठी मनाला ही कामगिरी रुचत नाही, हे मी समजू शकतो. पण फोटोची काच धुणारे आणि संगमरवराचा डाग काढणारे ज्ञान एकच होते. कोणता पदार्थ कशात विरघळतो आणि कशाला धक्का न लावता काय काढून घेता येते, यावर त्या माणसाची जबर पकड होती.

फोटोग्राफी त्या काळी मुख्यतः रसायनच होती. १८३९ मध्ये पॅरिसला दागेरचा शोध जाहीर झाला आणि पंधरा वर्षांत, १८५४ मध्ये, मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली. भाऊ दाजी लाडांचे बंधू डॉ. नारायण दाजी हे तिच्या आरंभीच्या एतद्देशीय फोटोग्राफरांपैकी एक. तेव्हाची पद्धत ओल्या काचेची होती. काचेवर कलोडियन ओतायचे, चांदीच्या क्षारात बुडवायचे, ओली असतानाच कॅमेऱ्यात घालायची आणि वाळायच्या आत धुवायची. आपल्या उन्हाळ्यात यासाठी दहा मिनिटेसुद्धा मिळत नसत. फोटोग्राफर गावोगाव फिरे तो तंबू, बाटल्या आणि पाण्याच्या पखाली घेऊन. १८७१ मध्ये रिचर्ड मॅडॉक्स या इंग्रज डॉक्टरने जिलेटिनची कोरडी काच सुचवली आणि फोटोग्राफर पहिल्यांदा अंधारखोलीपासून दूर जाऊ शकला. १८८८ मध्ये जॉर्ज ईस्टमनने कोडॅक कॅमेरा बाजारात आणला आणि पुढच्याच वर्षी सेल्युलॉइडची पट्टी आणली. पट्टी वाकते, गुंडाळता येते, दातेरी चाकावरून ओढता येते. एडिसनच्या कारखान्यात डिक्सनने तिला कडेला भोके पाडली, एका चित्राला चार याप्रमाणे. चलच्चित्राला लागणारे सगळे सामान त्या पट्टीत तयार झाले.

ती पट्टी कशाची होती? पाया कापसाचा. कापूस तीव्र आम्लांत मुरवून त्यात कापूर मिसळला की सेल्युलॉइड होते. त्यावरचा थर चांदीचा. चांदी नायट्रिक आम्लात विरघळवायची, ब्रोमाइडशी तिचा संयोग करायचा आणि जिलेटिनमध्ये तिचे कण तरंगत ठेवायचे. कापूस आणि चांदी या सुरतेच्या पेठेतल्या रोजच्या जिनसा होत्या. चांदीची तार ओढत ओढत केसाहून बारीक करणारे जरीचे कारागीर तिथे घरोघरी होते. कच्चा माल दाराशी होता, पण तो फिल्म होऊन यायचा परदेशातून. गज्जरांसारखी माणसे कलाभवनासारख्या संस्था काढत होती ती ही दरी पाहून.

त्र्यंबकेश्वरचे धुंडिराज गोविंद फाळके याच संस्थेत घडले. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून ते थोरल्या भावाबरोबर बडोद्याला आले, चित्रकला आणि मूर्तिकाम शिकले आणि १८९० च्या सुमारास एक कॅमेरा घेऊन छपाई-धुलाईचे प्रयोग करू लागले. गज्जरांनी त्यांच्यातली चिकाटी हेरली आणि १८९१ मध्ये त्यांना रतलामला पाठवले. तीन रंगांचे ब्लॉक करणे, फोटोलिथो आणि अंधारखोलीतली छपाई त्यांनी तिथे शिकून घेतली. परत आल्यावर गज्जरांच्याच मार्गदर्शनाखाली त्यांनी एन्ग्रेव्हिंग आणि फोटोछपाईचा व्यवसाय मांडला. फाळक्यांच्या चरित्रात गज्जर दोन-तीन वाक्यांत संपतात. माझ्या मते या माणसाने फाळक्यांना दिले ते दोन-तीन वाक्यांत मावणारे नाही. कलावंत फाळके जे. जे.त सुरू झाले असतील, पण प्रकाश, आम्ल आणि चांदी यांचा हिशेब ठेवणारे फाळके गज्जरांच्या छायेत तयार झाले.

त्यानंतरची वर्षे खडतर गेली. गोध्र्याला त्यांनी फोटोग्राफीचा धंदा थाटला. तिथे प्लेगात पत्नी आणि मूल गेले. बडोद्याला परतले तर कॅमेरा माणसाचे सत्त्व ओढून घेतो, फोटो काढला की आयुष्य घटते, अशी अफवा गावात पसरलेली. फाळक्यांनी खुद्द राजपुत्राला समजावून राजी केले, तरी धंदा बसला तो बसलाच. नाटकांचे पडदे रंगव, कार्ल हर्ट्झ या जादूगाराकडून हातचलाखी शीक, पुरातत्त्व खात्यात नोकरी कर, लोणावळ्याला छापखाना काढ, असे करत १९११ साल उजाडले. गिरगावातल्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्यांनी ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहिला. पुढची कहाणी मराठी घरांत सगळ्यांना ठाऊक आहे.

ठाऊक नसते ते या कहाणीतले सामान. फेब्रुवारी १९१२ मध्ये फाळके लंडनला गेले, तिथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांना भेटले आणि सेसिल हेपवर्थचा स्टुडिओ आतून पाहून आले. पन्नास पौंडांना त्यांनी विल्यमसन कॅमेरा घेतला. कोडॅकची कोरी फिल्म मागवली आणि सोबत भोके पाडण्याचे यंत्र घेतले. त्या काळी कोरी फिल्म विनाभोकांचीही मिळे आणि भोके ज्याची त्याने पाडायची. मे महिन्यात यंत्रे मुंबईत पोहोचली तेव्हा सोबतच्या आराखड्यावरून चार दिवसांत सगळी जुळणी फाळक्यांनी स्वतः केली. कलाभवनात शिकलेल्या माणसाला यंत्र परके नव्हते.

पहिला लघुपट त्यांनी वाटाण्यावर केला. कुंडीत वाटाणा पेरला आणि महिनाभर रोज थोडी थोडी फिल्म उघडली. ‘अंकुराची वाढ’ पाहून फोटोच्या सामानाचे व्यापारी यशवंतराव नाडकर्णी यांनी कर्जाची तयारी दाखवली. फाळक्यांच्या चित्रपटाला भांडवल मिळाले ते एका रोपट्याच्या चित्रांवर, आणि देणाराही फोटोधंद्यातलाच होता.

मग दादरच्या मथुरा भवनात काम सुरू झाले, आणि फिल्म हाताळण्याचे सगळ्यात किचकट काम फाळक्यांच्या दुसऱ्या पत्नी सरस्वतीबाई यांच्याकडे आले. दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक आणि रात्री अंधारखोली. त्या वेळच्या फिल्मला तांबडा रंग दिसत नसे, म्हणून तांबड्या दिव्याच्या मंद उजेडात ती हाताळता येई. त्याच दोषामुळे नटाच्या ओठांचा तांबडा रंग पडद्यावर काळा येई आणि निळे आभाळ पांढरेफटक. त्या उजेडात सरस्वतीबाई यंत्रातून पट्टी सरकवत भोके पाडत. एका चित्राला प्रत्येक कडेला चार भोके, म्हणजे एका फुटात दोन्ही कडा मिळून १२८. ३,७०० फुटांना पावणेपाच लाखांच्या आसपास भोके होतात. ही फक्त निगेटिव्हची. पडद्यावर दाखवायच्या प्रतीला पुन्हा तितकीच. एक भोक वाकडे गेले की चित्र पडद्यावर उडी मारणार. ‘राजा हरिश्चंद्र’च्या श्रेयनामावलीत कॅमेऱ्यामागचे नाव त्र्यंबक तेलंग यांचे आहे, त्र्यंबकेश्वरचा मित्र, ज्याला फाळक्यांनीच कॅमेरा शिकवला. कॅमेऱ्याचा दांडा सेकंदाला दोन वेळा फिरवायचा, एका फेऱ्याला आठ चित्रे, हा ताल तेलंगांनी सहा महिने सत्तावीस दिवसांच्या चित्रीकरणात सांभाळला. पण पट्टी जिच्या हातून आधी गेली आणि चित्रीकरणानंतर धुलाईलाही पुन्हा आली, त्या सरस्वतीबाई भारतातल्या पहिल्या महिला फिल्म-तंत्रज्ञ होत. हे आपण आता ठामपणे म्हणायला हवे.

एवढे पाहिल्यावर सुरतेच्या जाहिरातीकडे नुसती युक्ती म्हणून बघवत नाही. त्या सत्तावन्न हजार चित्रांमधले प्रत्येक चित्र फाळक्यांच्या घरातून गेले होते. कोरे, भोके पाडलेले, उघडलेले, धुतलेले, वाळवलेले, छापलेले. कथा व्यासांची आणि पुराणिकांची होती. पट्टी मात्र त्यांची स्वतःची होती, आणि जाहिरात त्यांनी तिची केली. सुरतेच्या प्रेक्षकानेही नेमके तेच ओळखले असावे. नाटकात तो सहा तास मिळवत होता, पण सत्तावन्न हजार चित्रे त्याने एका जागी कधी पाहिली नव्हती. बारा-पंधरा वर्षांपूर्वी शेजारच्या बडोद्यात जो समाज एका फोटोने आयुष्य घटते म्हणून पळत होता, तसाच समाज हजारो फोटो पाहायला पैसे देऊन आला. तंत्रज्ञानाच्या इतिहासात असे वळण तारीखवार सापडणे दुर्मीळ असते.

न्यायाने सांगायचे तर चलच्चित्राचा कॅमेरा हाती घेणारे फाळके पहिले नव्हेत. जुलै १८९६ मध्ये वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची चित्रे दाखवली गेली, तेव्हा मुंबईचे फोटोग्राफर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, प्रेक्षकांत होते. त्यांनी लंडनहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली. तेही मूळचे फोटोग्राफर. आपला सिनेमा नाटकातून जन्मला असे म्हणण्याची रीत आहे. त्याचा जन्म फोटो-स्टुडिओच्या अंधारखोलीत झाला, असे म्हणायला मला अधिक आधार दिसतो.

पुढे काय झाले? गज्जरांच्या विद्यार्थ्यांनी १९०७ मध्ये अलेम्बिक केमिकल वर्क्स काढली आणि बडोद्याचे नाव औषधनिर्मितीत गाजले. गज्जर स्वतः १९२० मध्ये गेले. कच्ची फिल्म मात्र परदेशातूनच येत राहिली. उटकमंडला हिंदुस्थान फोटो फिल्म्सचा कारखाना उभा राहून उत्पादन सुरू व्हायला १९६७ उजाडले. त्या फिल्मचे नाव ‘इंदू’. म्हणजे ‘राजा हरिश्चंद्र’नंतर चोपन्न वर्षे जगातल्या सर्वांत मोठ्या चित्रपटसृष्टींपैकी एक पूर्णतः आयात पट्टीवर चालली. बडोद्याला न्यू इंडिया इंडस्ट्रीजने आगफाचे कॅमेरे जुळवले. त्यातला ‘क्लिक थ्री’ १२० च्या रोलवर बारा फोटो काढी आणि मध्यमवर्गीय लग्नांचे, मुंजींचे, सहलींचे कितीतरी अल्बम त्याने भरले. तेही आता बंद झाले. उटकमंडचा कारखानाही डिजिटलच्या आधीच आजारी पडला आणि संपला.

सुरतेत तीन रुपये जमवणाऱ्या त्या पट्टीचे काय झाले, हे अधिक दुःखद आहे. चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे एवढीच दोन पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पोहोचली. ती पी. के. नायर यांनी नाशिकला फाळके कुटुंबाकडून मिळवली. त्यांतही हा भाग १९१३ चा नसून फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या चित्रपटाचा आहे, असे काही अभ्यासक मानतात. मूकपटांच्या कित्येक प्रती चांदी काढून घेण्यासाठी धुतल्या, जाळल्या गेल्या. सेल्युलॉइड कापसाचे असले तरी बारुदाच्या कुळातले. ते वयाबरोबर चिकट होते, पावडर होते आणि पेटले तर पाण्याखालीही जळत राहते. २००३ मध्ये पुण्यात नायट्रेट फिल्म्सच्या गोदामाला लागलेल्या आगीत हजारो रिळे गेली.

म्हणून दोन मागण्या. दक्षिण गुजरात, खानदेश आणि नाशिककडच्या जुन्या वाड्यांत, बंद पडलेल्या स्टुडिओंत आणि टुरिंग टॉकीजवाल्यांच्या घरांत अजून काचेच्या निगेटिव्ह आणि गोल डबे पडून आहेत. ते भंगारात देऊ नका, उन्हात उघडू नका, आधी पुण्याच्या संग्रहालयाला कळवा. दुसरी मागणी सुरत महानगरपालिकेकडे आहे. शहरात त्रिभुवनदास गज्जरांच्या नावाची पाटी लावावी, आणि तिच्यावर रंगरसायनांच्या जोडीला त्यांचे विद्यार्थी धुंडिराज फाळके यांचेही नाव कोरावे.